आकाशवाणीवरचा शेतीचा वेळ कमी झाला: ग्रामसभेचा ठराव कोणाच्या नावे? आणि स्वतःचं रेडिओ केंद्र काढता येतं का?

पऱ्हाटी (प्रश्न)

मंडळी, थेट मुद्द्यावर येतो. आमचा पट्टा कोरडवाहू: कापूस, तूर, सोयाबीन. आकाशवाणीचं जे केंद्र आमच्याकडं ऐकू येतं त्याचा स्थानिक वेळ आक्रसत चाललाय, असं गावात बरेच जण म्हणतात. संध्याकाळी शेतीचं काही लागायचं, तिथं आता दुसरीकडचं सहक्षेपण लागतं. येत्या ग्रामसभेत विषय घ्यायचा आहे. नुसता निषेधाचा ठराव करून फायलीत ठेवायचा नाही, म्हणून जाणकारांना विचारतो:

हा वेळ ठरवतो कोण, आकाशवाणीचं इथलं केंद्र का दिल्ली? आकाशवाणी-दूरदर्शन चालवणारी प्रसार भारती स्वायत्त म्हणतात, मग सरकार तिला काय सांगू शकतं नि काय नाही? बाकीच्या लोकशाही देशांत अशी संस्था सत्तेच्या लहरीपासून कशी राखतात (मागणी लिहायला उपयोगी पडेल)? आणि शेवटचं, गावानं आपला सामुदायिक रेडिओ काढायचा म्हटलं तर ग्रामपंचायतीच्या नावानं अर्ज चालतो का?

जाता जाता: डिशवर दूरदर्शनला मॅच दिसते, केबलवर त्याच दूरदर्शनला दिसत नाही. केबलवाला म्हणतो कायदा आहे. खरं का?

---

कलम_बारा

पऱ्हाटी भाऊ, ठरावाच्या आधी कागद हाती घ्या. ‘वेळ कमी झाला असं लोक म्हणतात’ याला ‘श्रोत्यांच्या आवडीनुसार बदल केले आहेत’ असं एका ओळीचं उत्तर येतं आणि विषय मिटतो.

आकाशवाणीत दोन कागद महत्त्वाचे. एक फिक्स्ड पॉइंट चार्ट: कोणत्या वारी किती वाजता काय, याचा ठरलेला तक्ता. दुसरं रोजचं क्यूशीट: त्या दिवशीचा मिनिटामिनिटाचा कार्यक्रम. माहितीच्या अधिकारात पाच वर्षांपूर्वीचा एक महिना आणि यंदाचा तोच महिना, दोन्हींचे चार्ट आणि क्यूशीट मागा. महिना तोच ठेवा, कारण खरिपात शेतीचा वेळ वेगळा असतो आणि जूनची तुलना जानेवारीशी केली तर समोरचा तेवढ्यावरच तुम्हाला उडवून लावेल. मग गावातल्या दोन कॉलेजच्या पोरांना बसवा: स्थानिक मिनिटं किती, सहक्षेपणाची किती, त्यात शेतीची किती. ठरावात हा आकडा गेला पाहिजे.

अर्ज करताना आपल्याकडं हमखास होणाऱ्या चुका:

आकाशवाणी ही केंद्र सरकारच्या कक्षेतली संस्था. तहसीलला चालतो तसा दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प इथं चालत नाही, अर्ज परत येतो. दहा रुपयांची पोस्टल ऑर्डर लावा, नाहीतर केंद्राच्या माहिती अधिकार पोर्टलवरून ऑनलाइन भरा. दारिद्र्यरेषेखालच्या अर्जदाराला शुल्क नाही, दाखला मात्र जोडावा लागतो. राज्याच्या नियमात दीडशे शब्दांची मर्यादा आहे, केंद्राच्या नियमात ती साधारण पाचशेची, तेव्हा उगीच काटछाट करत बसू नका. आणि ‘का’ विचारू नका. ‘शेतीचा वेळ का कमी केला?’ याला उत्तर देणं बंधनकारक नाही. ‘वेळ बदलण्याचा आदेश, त्यावरची टिपणी व पत्रव्यवहार यांच्या प्रती द्या’ याला आहे. तीस दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील.

तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर त्या आदेशाच्या प्रतीतच मिळेल. रोजचा कार्यक्रम केंद्र बसवतं, पण कोणतं सहक्षेपण सक्तीचं हे वरून येतं. खाली सही केंद्रप्रमुखाची आणि वर संदर्भ महासंचालनालयाच्या परिपत्रकाचा, असं दिसलं तर केंद्रावर मोर्चा नेऊन काही होत नाही. पत्र दिल्लीला गेलं पाहिजे.

आता स्वायत्ततेचं. प्रसार भारतीचा कायदा १९९०चा, अमलात आला सप्टेंबर १९९७ मध्ये. सात वर्षं तो नुसता पडून होता. त्याआधी १९७७ साली बी. जी. वर्गीज यांच्या अध्यक्षतेखाली एक गट नेमला होता, त्यानं ‘आकाश भारती’ नावाचा न्यास सुचवला होता. तोही तसाच राहिला. १९९० आणि १९९७ यांच्या मधे, ९ फेब्रुवारी १९९५ला, सर्वोच्च न्यायालयाचा क्रिकेट असोसिएशन ऑफ बंगाल खटल्याचा निकाल आला. न्या. पी. बी. सावंत यांनी लिहिलं की ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे आणि तिचं नियमन समाजातल्या सर्व घटकांचं प्रतिनिधित्व असलेल्या स्वतंत्र सार्वजनिक प्राधिकरणानं करावं. सरकारची मक्तेदारी नाही, तसाच पैसेवाल्यांचाही हक्क नाही, दोन्ही बाजूंनी. ठरावाच्या पहिल्या परिच्छेदात हाच निकाल घाला.

कायद्यात तुमच्या कामाचं काय आहे ते सांगतो.

कलम १२(२): शेती, ग्रामविकास, शिक्षण, आरोग्य यांकडे विशेष लक्ष देणं हे महामंडळाचं, म्हणजे प्रसार भारतीचं, उद्दिष्ट आहे. शेतीचा वेळ मागणं म्हणजे मेहेरबानी मागणं नव्हे.

कलम ४: अध्यक्ष आणि सदस्य निवडणारी समिती तिघांची. राज्यसभेचे सभापती, प्रेस कौन्सिलचे अध्यक्ष आणि राष्ट्रपतींनी नेमलेली एक व्यक्ती. कलम ७: अध्यक्षाला गैरवर्तनासाठी काढायचं तर आधी सर्वोच्च न्यायालयाची चौकशी. कागदावर ही तटबंदी वाईट नाही.

कलम २३: देशाचं सार्वभौमत्व, एकात्मता, सुरक्षा किंवा सार्वजनिक सुव्यवस्था या कारणांसाठी सरकार ‘अमुक प्रसारित करा’ किंवा ‘करू नका’ असा निर्देश देऊ शकतं. पण त्या निर्देशाची प्रत संसदेच्या दोन्ही सभागृहांत ठेवावी लागते, आणि ‘हे सरकारच्या निर्देशावरून ऐकवत आहोत’ असं सांगायची मुभा महामंडळाला आहे. म्हणजे कायदेशीर वाट उघड्यावरची आहे. फोनवरून होतं ते या कलमात बसत नाही, आणि म्हणूनच ते फोनवरून होतं.

खरी गळती कलम १३ आणि १४ मध्ये. तेराव्यात बावीस खासदारांची संसदीय समिती, लोकसभेचे पंधरा आणि राज्यसभेचे सात. चौदाव्यात प्रसारण परिषद, जिच्याकडं सामान्य श्रोत्यानं तक्रार करायची. दोन्ही कायद्यात आहेत, प्रत्यक्षात उभ्याच राहिल्या नाहीत. तुमच्यासारख्या श्रोत्यासाठी ठेवलेली खुर्चीच मांडलेली नाही. वर पैसा: पगाराचा मुख्य भार केंद्राच्या अनुदानावर, आणि ते अनुदान माहिती व प्रसारण मंत्रालयाच्या मागण्यांमधून येतं. ५ ऑक्टोबर २००७ पर्यंत रुजू झालेले कर्मचारी हे प्रतिनियुक्तीवरचे सरकारी कर्मचारीच मानले जातात. ज्याच्या हाती पगारपत्रक, त्याला कलम २३ वापरायची गरज पडत नाही.

---

सातबारा

काहून एवढा खटाटोप राजेहो? लोकं रेडिओ ऐकतेत कुठं आता? यूट्यूबवर कृषी सल्ल्याचे ढीग पडले हायेत. पोरगं बी भाव मोबाईलवरच पाहते.

---

अँटेनावाला

सातबारा भाऊ, मोबाईलचा मनोरा आणि एफएमचा ट्रान्समीटर यांतला फरक वादळाच्या रात्री कळतो. गावाची लाइन गेली की मनोऱ्याची बॅटरी काही तासांत बसते. रेडिओ केंद्राला स्वतःचं डिझेल जनरेटर असतं आणि ऐकणाऱ्याला दोन सेल पुरतात. दुसरं, यूट्यूबवर कीटकनाशकाचं प्रमाण चुकीचं सांगितलं तर जबाबदार कोण? २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणीतून विषबाधा होऊन शेतकरी-शेतमजूर दगावले. कोणतं औषध कशात मिसळू नये, वारा कोणत्या बाजूनं असताना फवारू नये, हे त्याच जिल्ह्याच्या बोलीत, त्याच आठवड्यात, जबाबदार माणसानं सांगणं हे स्थानिक केंद्राचं काम.

तरी एक मान्य: विदर्भात रेडिओचा पसारा पूर्वीसारखा नाही. नागपूरच्या एक हजार किलोवॅट ट्रान्समीटरवरून रात्रभर चालणारी राष्ट्रीय वाहिनी बंद होऊन काही वर्षं झाली. दूरदर्शनचे जुने अँटेनावरचे ट्रान्समीटर मोजकी मोक्याची ठिकाणं सोडून मार्च २०२२ पर्यंत बंद केले. २०२३च्या जानेवारीत मंजूर झालेल्या आकाशवाणी-दूरदर्शनच्या सुधारणेच्या ‘बाइंड’ योजनेत २,५३९ कोटी रुपये आहेत, एफएमची पोच ६८ टक्के लोकसंख्येवरून ८० टक्क्यांवर न्यायचं उद्दिष्ट आहे. पण ट्रान्समीटर वाढवणं आणि स्थानिक कार्यक्रम वाढवणं या दोन वेगळ्या गोष्टी. नवीन ट्रान्समीटर नुसता रिले असेल तर गावाला आवाज स्वच्छ येईल, फक्त दुसऱ्याचा. माहितीच्या अधिकारात हेही विचारून घ्या: केंद्रावर कार्यक्रम अधिकाऱ्यांची मंजूर पदं किती, भरलेली किती. शेती विभागात माणूसच नसेल तर वेळ मिळूनही तो जुन्या ध्वनिफितींनी भरला जातो.

---

झाडीपट्टी

तिसऱ्या प्रश्नावर लिहितो. परदेशात सगळं आलबेल आहे असं समजू नका. तीनच गोष्टी बघायच्या: नेमतो कोण, पैसा कोणत्या वाटेनं येतो, आणि एका रात्रीत कुलूप लावता येतं का.

जर्मनीचं उदाहरण ठरावाला सगळ्यात उपयोगी. १९६१ साली चॅन्सेलर आडेनाउअर यांनी केंद्र सरकारच्या ताब्यातली दूरचित्रवाणी कंपनी काढली, घटनात्मक न्यायालयानं ती घटनाबाह्य ठरवली. २०१४ मध्ये त्याच न्यायालयानं झेडडीएफ वाहिनीबद्दल सांगितलं की देखरेख मंडळात सरकार आणि सरकारच्या जवळचे सदस्य एक तृतीयांशाहून जास्त नकोत. पैशासाठी प्रत्येक घरामागं महिन्याला १८.३६ युरो. हा आकडा सरकार ठरवत नाही. वाहिन्या गरज सांगतात, केईएफ नावाचा सोळा तज्ज्ञांचा स्वतंत्र आयोग ती तपासून कापतो, मग राज्यांच्या विधानसभा मंजुरी देतात. २०२० मध्ये झाक्सन-आनहाल्ट राज्यानं ही मंजुरी अडवली. २०२१च्या ऑगस्टमध्ये घटनात्मक न्यायालयानं वाढ थेट लागू केली: पैसा अडवून आशयावर दाब आणता येणार नाही. आपल्याकडं कमी आहे ते हेच, मधला आयोग.

ब्रिटनमध्ये बीबीसीची सनद ठराविक मुदतीची. सध्याची २०१७ पासून ३१ डिसेंबर २०२७ पर्यंत. मुदत निवडणुकीच्या फेऱ्याशी जुळत नाही, हा त्यातला शहाणपणा. परवाना शुल्क २०२५च्या एप्रिलपासून वर्षाला १७४.५० पौंड होतं. देखरेख २०१७ पासून ऑफकॉम या बाहेरच्या नियामकाकडे. कच्चा दुवा असा की शुल्काचा आकडा शेवटी सरकारशी घासाघीस करूनच ठरतो, आणि सनद संपत आली की बीबीसीचा घसा कोरडा पडतो.

कुलूप लावायचं उदाहरण हवं तर ग्रीस. ११ जून २०१३, सरकारनं ईआरटी ही सार्वजनिक वाहिनी बंद जाहीर केली आणि त्याच रात्री पडदे काळे झाले. पुन्हा सुरू झाली ती २०१५च्या जूनमध्ये, सरकार बदलल्यावर.

अमेरिकेत १९६७च्या कायद्यानं मधे एक महामंडळ ठेवलं होतं, सीपीबी. सरकारचा पैसा त्याच्याकडं, तिथून गावोगावच्या केंद्रांना. निवडणुकीच्या वर्षात दाब येऊ नये म्हणून निधी दोन वर्षं आगाऊ मंजूर व्हायचा. चांगली सोय वाटते ना? २०२५च्या जुलैत काँग्रेसनं, म्हणजे तिथल्या संसदेनं, हा आगाऊ मंजूर केलेला १.१ अब्ज डॉलर निधीच परत घेतला, आणि ऑगस्टच्या पहिल्याच दिवशी सीपीबीनं काम गुंडाळायची घोषणा केली. न्यूयॉर्क-वॉशिंग्टनची मोठी केंद्रं देणग्यांवर तग धरतात. मार बसतो तो विरळ वस्तीच्या भागातल्या केंद्रांना, कारण त्यांच्या जमाखर्चात या पैशाचा वाटा मोठा. गडचिरोली-मेळघाटाकडं बघणाऱ्यानं हे ध्यानात ठेवावं: निधी ‘श्रोत्यांच्या संख्येवर’ ठरला की पहिला बळी विरळ वस्तीचा.

फ्रान्सनं २०२२ मध्ये टीव्हीचं शुल्क रद्द करून कराच्या उत्पन्नातला वाटा लावला. लोक खूश, पण तिजोरीची किल्ली सरकारकडं गेली. फिनलंडनं २०१३ पासून वेगळा कर लावला, तोही कर असला तरी संसदेनं नाव घालून बाजूला काढलेला. युरोपीय संघाचा माध्यम स्वातंत्र्य कायदा ८ ऑगस्ट २०२५ पासून लागू आहे. त्यात सार्वजनिक माध्यमांच्या प्रमुखांची नेमणूक पारदर्शक पद्धतीनं व्हावी, मुदतीआधी मनमानीनं काढू नये आणि निधी पुरेसा, टिकाऊ व आधी कळणारा असावा, असं लिहिलंय. पाळतात किती ते पुढं दिसेल.

---

कलम_बारा

झाडीपट्टीचा मुद्दा बरोबर, पण ठरावात जर्मनी फार घालू नका. ‘आपल्याकडं घरामागं शुल्क लावा’ असा अर्थ कुणी काढला तर गावच उठेल. रेडिओचं लायसन्स पोस्टात काढायची पद्धत आपल्याकडंही होती, ऐंशीच्या दशकात ती गेली, परत येणार नाही. मागणी अशी ठेवा की जी कायद्यात आधीच आहे: कलम १४ची प्रसारण परिषद नेमा. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, फक्त नेमणूक लागते. ‘नाही’ म्हणायला सरकारला जड जातं.

मॅचचं: केबलवाला खरं बोलतोय. २००७च्या कायद्यानं राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचा सिग्नल प्रसार भारतीला द्यावा लागतो, टीव्हीच्या जाहिरातीचं उत्पन्न ७५:२५ आणि रेडिओचं ५०:५० वाटून. पण २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की हा सिग्नल फक्त दूरदर्शनच्या स्वतःच्या ट्रान्समीटरवर आणि स्वतःच्या डीटीएचवर दाखवायचा, खासगी केबल-डिशच्या तारेतून नाही. म्हणून फ्री डिशवर (दूरदर्शनच्या डीटीएचवर) मॅच, केबलवर त्याच वेळी दुसरं काहीतरी. फ्री डिशला महिना भाडं नाही, छत्री एकदाच घ्यायची.

---

अँटेनावाला

आता सामुदायिक रेडिओ. ग्रामपंचायतीच्या नावानं होत नाही, पात्र संस्थांच्या यादीत ती नाही. चालतं ते असं: नोंदणीकृत ना-नफा संस्था वा न्यास (अर्जाच्या दिवशी नोंदणीला किमान तीन वर्षं झालेली आणि स्थानिक कामाचा पुरावा असलेली), शिक्षणसंस्था, कृषी विद्यापीठ, कृषी विज्ञान केंद्र. शेतकरी उत्पादक कंपनी सभासदांना नफा वाटते, तिथं अडतं. व्यक्ती आणि राजकीय पक्ष सरळ बाद. माझा सल्ला: नवीन संस्था काढून तीन वर्षं थांबण्यापेक्षा जवळचं कृषी विज्ञान केंद्र गाठा.

वाट अशी. मंत्रालयाच्या ब्रॉडकास्ट सेवा पोर्टलवर अर्ज, प्रक्रिया शुल्क अडीच हजार. छाननी समितीसमोर सादरीकरण, इतर मंत्रालयांचा होकार, मग इरादापत्र. त्यानंतर दूरसंचार विभागाकडून वारंवारिता आणि अँटेनाच्या जागेची साकफा (वारंवारिता वाटपाची सल्लागार समिती) मंजुरी. मग पंचवीस हजारांची बँक हमी देऊन करार, आणि शेवटी वायरलेस चालवण्याचा परवाना. २०२४च्या सुधारित मार्गदर्शक सूचनांनुसार परवानगी दहा वर्षांची, पुढं पाच वर्षांची वाढ. जाहिरात तासाला बारा मिनिटं, सरकारी जाहिरातीचा दर दहा सेकंदाला ७४ रुपये. रेडिओच्या सल्लागार समितीत निम्म्या बाया हव्याच.

अडतं कुठं? अक्षांश-रेखांश. अर्जात गावाच्या पारावरचे, साकफाला शाळेच्या गच्चीवरचे. दोन कागदांत दोन जागा दिसल्या की फाइल परत. मनोरा जिथं उभा राहणार त्या खुंटीवर मोबाईल ठेवून अंश-मिनिट-सेकंद घ्या आणि सगळीकडं तेच लिहा. उंची जमिनीपासून किमान १५ मीटर, जास्तीत जास्त ३०. गच्चीवर मनोरा असेल तर इमारतीची उंचीही त्यातच मोजतात, हे बरेच जण विसरतात.

शक्ती: प्रभावी विकिरित शक्ती शंभर वॅटपर्यंत. म्हणजे ट्रान्समीटर पन्नास वॅटचा, अँटेना तीन डेसिबल लाभाची (शक्ती दुप्पट), त्यातून केबलमधला तोटा वजा. पन्नास मीटर हलकी केबल ओढली तर निम्मी शक्ती केबलच खाते, म्हणून ट्रान्समीटरची खोली मनोऱ्याच्या पायथ्याशी. पोच पाच ते दहा किलोमीटर. कापसाच्या सपाट काळ्या रानात दहा मिळतील, सातपुड्याच्या कुशीतल्या गावात टेकडीमागचा पाडा कोरडाच राहील. एफएम सरळ रेषेत जातं, डोंगर चढत नाही.

आपल्या हवेत दोन गोष्टी यंत्राला मारतात. मे महिन्यात बाहेर ४५ अंश असताना पत्र्याच्या खोलीत ट्रान्समीटर ठेवला तर तो दुपारी बारानंतर स्वतःहून शक्ती कमी करतो किंवा बंद पडतो. खोली थंड, हवेची जाळी दर आठवड्याला झाडलेली हवी. धूळ पऱ्हाटीच्या हंगामात सगळ्यात वाईट. दुसरी वीज. वळवाच्या पावसात मनोऱ्यावर वीज उतरते, म्हणून मनोऱ्याचा तडित-रोधक, केबलचं बाहेरचं जाळं आणि महावितरणच्या मीटरचं अर्थिंग हे तिन्ही एकमेकांना जोडलेले पाहिजेत. अर्थिंगचे खड्डे वेगवेगळे ठेवून जोडायचे राहिले तर वीज मनोऱ्यात उतरते आणि वाट काढते ती मिक्सरमधून. काळ्या मातीत उन्हाळ्यात भेगा पडून अर्थिंग सुटतं, खड्ड्यात पाणी घालायचं काम एका माणसाच्या नावावर लिहून ठेवा.

---

पऱ्हाटी

सगळ्यांचे आभार. दोन शंका. सामुदायिक रेडिओवर बातम्या देता येतात का? बाजार समितीतले कापसाचे दर, आमदाराची सभा, ग्रामसभेची हकीकत? आणि तालुक्यात जे ‘न्यूज चॅनेल’चा माइक घेऊन फिरतात त्यांना कोणता कायदा?

---

कलम_बारा

बातम्या नाहीत. आकाशवाणीच्या बातम्या जशाच्या तशा लावता येतात, स्वतःच्या नाही. खासगी एफएमलाही तेच बंधन. ट्राय या दूरसंचार नियामकानं सप्टेंबर २०२३ मध्ये खासगी एफएमला तासाला दहा मिनिटं बातम्या द्या अशी शिफारस केली होती. टीव्हीवर चोवीस तास बातम्यांचा गोंगाट चालतो आणि रेडिओवर एक वाक्य नको, याचं समाधानकारक कारण आजवर कुणी दिलेलं नाही.

पण काही गोष्टी ‘बातमी’ मानत नाहीत: हवामान, वाहतूक, सण-समारंभ, परीक्षा आणि प्रवेश, रोजगार, आणि वीज-पाणी, नैसर्गिक आपत्ती, साथीचे इशारे यांबद्दल स्थानिक प्रशासनानं दिलेल्या सूचना. माझ्या मते समितीतले कापसाचे दर वाचणं शेतीच्या माहितीत बसतं. ‘दर का पडले’ म्हणून पुढाऱ्याची मुलाखत घेतली की बातमीत गेलात. आमदाराची सभा नाही. ग्रामसभेची तारीख-वेळ सांगा, तिथं कोण कुणाला काय बोललं ते नको. प्रसारित केलेलं सगळं तीन महिने जपून ठेवावं लागतं, ते हार्ड डिस्कवर तारखेवार ठेवा. तक्रार आली आणि रेकॉर्डिंग नसलं तर तुमची बाजू संपली. निम्मा तरी आशय गावच्या लोकांच्या सहभागातून हवा. दंडार, खडी गंमत, जात्यावरच्या ओव्या भरपूर आहेत. सिनेमाची गाणी मात्र परवान्याशिवाय नको.

माइकवाल्यांचं: छापील पत्राला २०२३चा नियतकालिक नोंदणी कायदा, तो १ मार्च २०२४ पासून लागू. तक्रार आधी संपादकाला लिहून, मग प्रेस कौन्सिलकडं. दैनिक-साप्ताहिकाला छापल्यापासून दोन महिन्यांच्या आत. कौन्सिल समज देऊ शकते, ताशेरे ओढू शकते, दंड करू शकत नाही. टीव्ही वाहिनीला २०२१च्या केबल नियमांची तीन पायऱ्यांची वाट: वाहिनीनं चोवीस तासांत पोच आणि पंधरा दिवसांत निर्णय द्यायचा, न पटलं तर स्वनियमन संस्था, तिथंही नाही तर मंत्रालय. यूट्यूबवाल्याला नोंदणी कायदा लागत नाही. त्याच्या गळ्यातल्या ‘प्रेस’ पट्ट्यामागं सरकारी मान्यता असतेच असं नाही. बदनामी, खंडणी यांना साधे फौजदारी कायदे पुरेसे आहेत. डिजिटल बातम्यांसाठी २०२१चे माहिती तंत्रज्ञान नियम आहेत, पण त्यातल्या आचारसंहितेच्या दोन पोटनियमांना मुंबई उच्च न्यायालयानं त्याच वर्षी स्थगिती दिली, आणि सरकारनंच सरकारविषयीच्या बातम्या खऱ्या-खोट्या ठरवायचा तथ्य-तपासणी कक्ष सप्टेंबर २०२४ मध्ये त्याच न्यायालयानं रद्द केला.

---

झाडीपट्टी

निवडणूक तोंडावर असेल तर जिल्ह्यात माध्यम प्रमाणीकरण व संनियंत्रण समिती असते. पैसे घेऊन छापलेल्या बातमीची तक्रार तिथं, कात्रणासह. मतदान झाल्यावर कुणी विचारत नाही, म्हणून आधीच.

---

पऱ्हाटी

मसुदा असा केलाय, बघा: ‘ही ग्रामसभा आकाशवाणीनं शेतकऱ्यांवर केलेल्या अन्यायाचा तीव्र निषेध करते आणि शेतीचे कार्यक्रम पूर्ववत करावेत अशी मागणी करते.’

---

कलम_बारा

‘पूर्ववत’ म्हणजे कधीसारखं? तारीख नाही, मिनिटं नाहीत. क्यूशीट हाती येऊ द्या, मग असं लिहा: ‘अमुक महिन्यात शेतीचा स्थानिक वेळ रोज अमुक मिनिटं होता, आता अमुक आहे. कलम १२(२) नुसार तो संध्याकाळी साडेसहा ते साडेसात या वेळेत किमान अमुक मिनिटं ठेवावा. बदल करण्यापूर्वी ग्रामीण कार्यक्रम सल्लागार समितीचं मत घेतलं का, ते कळवावं. कलम १४ अन्वये प्रसारण परिषद नेमावी.’ पहिल्या दोन मागण्या महासंचालक, आकाशवाणी यांना. तिसरी सचिव, माहिती व प्रसारण मंत्रालय यांना. दोन्ही एकाच पत्रात घातल्या तर एक कार्यालय दुसऱ्याकडं बोट दाखवतं.

विषय ग्रामसभेच्या सूचनेत आधी छापून घ्या, ऐनवेळच्या विषयात नको. गणपूर्ती पंधरा टक्के मतदार किंवा शंभर, यांतली कमी असेल ती, आणि हजेरीच्या पानाची प्रत ठरावाला जोडा. आकाशवाणीवरच्या ‘किसानवाणी’ या शेतीच्या कार्यक्रमाचा खर्च कृषी मंत्रालयाच्या योजनेतून येतो, म्हणून एक प्रत जिल्हा अधीक्षक कृषी अधिकाऱ्यांना द्या, आकाशवाणीच्या सल्लागार समितीत त्यांचं ऐकलं जातं. आसपासच्या दहा गावांनी हाच ठराव करावा, पण प्रत्येकानं आपल्या गावाचं पीक आणि आपली वेळ लिहावी. झेरॉक्स काढून नुसतं गावाचं नाव बदललेले दहा ठराव कार्यालयात एकच ठराव म्हणून मोजले जातात. पाठवा स्पीड पोस्टानं, आणि त्याच दिवशी केंद्र सरकारच्या तक्रार निवारण पोर्टलवरही चढवा. तिथं निकाली काढायची मुदत एकवीस दिवसांची आहे, पोस्टाला तशी कोणतीच नाही.